वाळूत पकडलेला डंपर सोडवताना: आधी कुलूप कोणाचं ते बघा

"वकीलांनू, गाडी कधी सुटतली?"

पावसाळ्याच्या तोंडावर हा प्रश्न घेऊन येणारा अशील ठरलेला असतो. गाडी मे महिन्यात पकडलेली असते. महिनाभर कोणा 'आतल्या माणसा'च्या भरवशावर काढलेला असतो. पहिले चार पाऊस पडून आवारातल्या डंपरच्या चाकांभोवती टाकळा उगवला, की मग वकील आठवतो. मी उलट विचारतो, "गाडी कोणाच्या ताब्यात आसा?" तो म्हणतो, "कोणाच्या म्हंजे? सरकारच्या!"

घोळ इथेच सुरू होतो. वाळूच्या गाडीला 'सरकार' नावाचं एक कुलूप नसतं. एक कुलूप महसूल खात्याचं, दुसरं पोलीस आणि कोर्टाचं. दोघांचे कायदे वेगळे, किल्ल्या वेगळ्या. अनेकदा एकाच गाडीला दोन्ही कुलपं लागलेली असतात आणि मालक एकच उघडून दुसऱ्यासमोर हात चोळत उभा राहतो. मी कोकणातल्या तालुका कोर्टात वकिली करतो. गाडी पकडल्या दिवसापासून ती घरी येईपर्यंत काय काय करावं लागतं, ते इथे क्रमाने लिहितो आहे. वाळू चोरीची होती की पासाची, त्याचा निकाल पुढे लागेल. गाडी तोवर गंजू नये, एवढाच या लेखाचा विषय.

पहिले दोन दिवस: कागद गोळा करा, माणसं नव्हे

गाडी धरली की मालक पहिल्यांदा फोन करतो तो गावातल्या पुढाऱ्याला. करू नका असं म्हणत नाही, पण त्याआधी चालकाशी बोला. गाडी कुठे थांबवली, किती वाजता, कोणी, अंगावर खाकी होती की साधे कपडे, सोबत तलाठी होता का, कोणत्या कागदावर सही घेतली. (तलाठ्याला आता 'ग्राम महसूल अधिकारी' म्हणतात, पण खाडीकाठी अजून कोणाच्या तोंडी ते बसलेलं नाही.) चालकाला हे दुसऱ्या दिवशी नीट आठवतं, पंधरा दिवसांनी आठवत नाही.

मग पंचनाम्याची प्रत मिळवा. सगळी दिशा त्यावरून ठरते. पंचनामा मंडळ अधिकाऱ्याने किंवा तलाठ्याने लिहिला असेल आणि त्यात महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६, कलम ४८ असा उल्लेख असेल, तर कुलूप महसूलचं. तो पोलिसांनी लिहिला असेल आणि गुन्हा रजिस्टर नंबर पडला असेल, तर कुलूप कोर्टाचं. तिसरा प्रकार सगळ्यांत जास्त आढळणारा आणि सगळ्यांत चिकट. गाडी महसूलच्या पथकाने धरली, तहसीलच्या आवारात लावली, आणि मग तलाठ्याने पोलीस ठाण्यात जाऊन फिर्याद दिली. अशा वेळी गाडी उभी असते तहसीलमध्ये आणि गुन्हा असतो ठाण्यात. ठाणे अंमलदाराला स्पष्ट विचारा: "गाडी तुमच्या मुद्देमाल रजिस्टरला चढवली आहे का? नंबर काय?" चढवली असेल तर नंबर लिहून घ्या, अर्जात तो लागतो. नसेल चढवली, तर पोलिसांनी ती फक्त कागदावर दाखवली आहे आणि प्रत्यक्ष ताबा तहसीलदाराचा आहे.

प्रथम खबरी अहवालाची प्रत महाराष्ट्र पोलिसांच्या नागरिक पोर्टलवरही मिळते. फिर्यादीत कोणती कलमं आहेत ते बघा. साधारणपणे भारतीय न्याय संहितेचं कलम ३०३(२), म्हणजे चोरी, असतं. सोबत खाण व खनिजे अधिनियम १९५७ ची कलमं ४ आणि २१ असू शकतात. कधी पर्यावरण संरक्षण कायदाही जोडलेला दिसतो.

"खाडीतली वाळू, तिची चोरी कशी?" असं मला आजवर अनेकांनी विचारलं आहे. उत्तर जमीन महसूल संहितेच्या कलम २० मध्ये आहे. नद्या, नाले, भरतीरेषेखालचे खाडीचे आणि समुद्राचे तळ ही राज्य सरकारची मालमत्ता. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिल्ली राज्य विरुद्ध संजय या निकालात सांगितलं, की विनापरवाना वाळू उचलणं हा खाण कायद्याखालचा गुन्हा आणि चोरी, हे दोन वेगळे गुन्हे आहेत आणि खाण कायदा आहे म्हणून पोलिसांचे हात बांधले जात नाहीत. त्यामुळे 'हे महसूलचं प्रकरण, पोलिसांचा काय संबंध' हा युक्तिवाद आता चालत नाही. त्यावर वेळ घालवू नका.

एक गोष्ट कळकळीने सांगतो. रात्री आवारातून गाडी काढून नेण्याचा विचार मनातसुद्धा आणू नका, आणि पथकाशी हुज्जत घालताना हात उचलू नका. शासकीय कामात अडथळ्याचं, न्याय संहितेचं कलम १३२ लागलं की वाळूचा गुन्हा बाजूला राहतो आणि चालकाचा जामीन हाच मोठा प्रश्न होऊन बसतो.

फाईल

दोन्ही दारांना जवळपास हेच कागद लागतात. आरसी बुक, विमा, फिटनेस, परमिट, पीयूसी, कर भरल्याची पावती. मालकाचं आधार आणि पॅन. कर्ज असेल तर फायनान्स कंपनीचं ताजं खातेपत्रक. पंचनामा, खबरी अहवाल. आणि वाहतूक पास.

पासाबद्दल थोडं थांबून बोलायला हवं, कारण निम्म्या प्रकरणांचा जीव तिथे असतो. सरकारच्या 'महाखनिज' या ऑनलाइन प्रणालीवर निघालेल्या पासावर गाडी नंबर, किती ब्रास वाळू, कुठून कुठे आणि किती वाजेपर्यंत, सगळं छापलेलं असतं. गाडी पकडली तेव्हा पासाची वेळ संपलेली असेल, तर ती का संपली याचा पुरावा आज गोळा करा. घाटात टायर फुटला असेल तर टायरवाल्याची पावती, रस्ता बंद असेल तर त्या दिवसाचे फोटो, टोलनाक्यावरची फास्टॅगची नोंद, जीपीएसची नोंद. हा पुरावा महिन्याभराने विरून जातो. वाळू परराज्यातून आली असेल, उदाहरणार्थ बांद्याच्या हद्दीवरून गोव्याकडून, तर मूळ राज्याचे कागद आणि आपल्याकडचा शून्य रॉयल्टी पास (परराज्यातल्या वाळूसाठीचा वाहतूक पास) दोन्ही हवेत.

कोकणात आणखी एक अडचण असते, घाटावरच्या वकिलाच्या ती पटकन लक्षात येत नाही. कालावल, कर्ली, दाभोळ, जयगड, बाणकोट, जिथली म्हणाल तिथली बरीचशी वाळू खाडीपात्रातली, म्हणजे सीआरझेडमधली (किनारी नियमन क्षेत्रातली). तिथे यंत्राने उपसा चालत नाही. पारंपरिक लोकांनी हातपाटीने, डुबी मारून काढायची, एवढीच मर्यादित मोकळीक. तेव्हा तुमच्याकडचा पास हातपाटीचा असेल आणि पंचनाम्यात 'जवळच सक्शन पंप सुरू होता' अशी एक ओळ असेल, तर पास असूनही वाद उभा राहतो. पंचनाम्यात ती ओळ शोधा. ती असेल तर पंपाचा आपल्या गाडीशी संबंध कसा नाही, हे पहिल्याच अर्जात मांडावं लागेल.

आणि ब्रास मोजा. १ ब्रास म्हणजे १०० घनफूट. हौद्याची आतली लांबी १४ फूट, रुंदी ७ फूट आणि वाळूचा थर २ फूट असेल तर झाले १९६ घनफूट, म्हणजे जेमतेम २ ब्रास. पंचनाम्यात डोळ्यांच्या अंदाजाने '३ ब्रास' लिहिलेलं असतं आणि दंड त्यावर चढतो. हौद्याचं माप टेपने घेऊन फोटो काढून ठेवा. माझ्या एका अशिलाचा दंड केवळ या टेपमुळे उतरला होता.

पहिलं कुलूप: प्रांत कार्यालय

गाडी महसूलने धरली असेल तर दोन वेगळे दंड येतात. लोक ते एकच समजतात आणि मग हिशेब जुळत नाही.

पहिला वाळूवरचा. कलम ४८(७) खाली गौण खनिजाच्या (वाळू, मुरूम, दगड असल्या खनिजाच्या) बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत. 'पर्यंत' हा शब्द तांबड्या शाईने अधोरेखित करून ठेवा. पाचपट ही कमाल मर्यादा आहे. सुनावणीत पहिली वेळ, पासाची थोडी उलटलेली मुदत, कमी मोजमाप, अशी कारणं लेखी देऊन दंड खाली आणण्याची मागणी करता येते. आपल्याकडे नोटीस आली की लोक तोंडी 'साहेब, चूक झाली' म्हणून येतात आणि तेवढंच रोजनाम्यात लिहिलं जातं. लेखी खुलासा द्या, पोच घ्या.

दुसरा गाडीवरचा. कलम ४८(८) सांगतं, की जप्त केलेलं वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकारी दर्जाहून कमी नसलेल्या अधिकाऱ्यापुढे सादर करायचं. ते अधिकारी ठरलेला दंड भरून घेऊन आणि वैयक्तिक बंधपत्र घेऊन गाडी सोडू शकतात. बंधपत्राची रक्कम गाडीच्या बाजारभावापेक्षा जास्त असू शकत नाही, आणि 'ही गाडी पुन्हा अवैध गौण खनिजासाठी वापरणार नाही' अशी हमी त्यात द्यावी लागते. दंडाचा तक्ता जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेने नियमांत आला: ट्रॅक्टर-ट्रॉली किंवा हाफ बॉडी ट्रक १ लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपर २ लाख, बार्ज आणि यांत्रिक होडी ५ लाख, एक्स्कॅव्हेटर साडेसात लाख. तुमच्या आदेशात वेगळा आकडा दिसला तर तो कोणत्या अधिसूचनेनुसार, हे लेखी विचारा.

समजा, २ ब्रास वाळू, बाजारमूल्य ब्रासला ५,००० धरलं. वाळूवरचा कमाल दंड झाला ५०,०००, डंपरचे २ लाख वेगळे, वर स्वामित्वधन, म्हणजे सरकारची रॉयल्टी. गाडी जुनी असेल, बाजारात तिचे तीन लाखच येणार असतील, तर मालकाने शांतपणे वही-पेन घेऊन बसावं. काही वेळा गाडी सोडवण्यापेक्षा लढणं स्वस्त पडतं, काही वेळा उलट. पण दंड न भरता नुसतं बसून राहणं हा पर्याय नाही, कारण ती रक्कम जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसूल होते आणि सातबाऱ्यावर बोजा चढतो. सामाईक सातबारा असलेल्या घरात त्यावरून काय महाभारत होतं, ते सांगायला नको.

आदेश हातात पडला की सगळ्यात आधी खालची सही बघा. जप्ती तहसीलदार करू शकतात, वाळूवरचा दंड लावू शकतात. पण गाडी सोडण्याचा आणि गाडीवरच्या दंडाचा अधिकार कलमाने उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्याकडे दिला आहे, म्हणजे बहुतेक ठिकाणी प्रांताधिकारी. तहसीलदारांच्या सहीने गाडीवर २ लाखांचा आदेश आला असेल तर अपिलात तो पहिला मुद्दा. सुनावणी न देता आदेश झाला असेल तर तो दुसरा.

अपील संहितेच्या कलम २४७ खाली. तहसीलदारांच्या आदेशाविरुद्ध प्रांताधिकाऱ्यांकडे, प्रांतांच्या आदेशाविरुद्ध जिल्हाधिकाऱ्यांकडे. मुदत ६० दिवस. अपिलासोबत स्थगितीचा वेगळा अर्ज जोडायला विसरू नका, नाहीतर अपील चालू आणि वसुलीही चालू अशी गत होते. गाडी तातडीने हवी असेल तर दंड 'हरकत कायम ठेवून भरत आहे' असं पत्र देऊन भरा. चलनाने, म्हणजे सरकारच्या 'ग्रास' या ऑनलाइन भरणा प्रणालीतून भरा. रोख पैसे घेऊन पावती 'मागाहून देतो' म्हणणारा कोणीही असो, त्याला पैसे देऊ नका. लाच मागितली तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा क्रमांक आहे. माझ्या पक्षकारांपैकी एकाने 'बोलून देतो' म्हणणाऱ्याला जेवढे दिले, तेवढ्यात अपिलासकट सगळं झालं असतं. गाडी मात्र तिथेच होती.

दुसरं कुलूप: मॅजिस्ट्रेटचं कोर्ट

गुन्हा दाखल झाला असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ आणि ५०३ खाली अर्ज करायचा. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच कलमं ४५१ आणि ४५७ होती, जुने कारकून अजून तेच आकडे बोलतात. पहिलं कलम कोर्टापुढे आलेल्या मालमत्तेसाठी, दुसरं पोलिसांनी जप्त करून फक्त अहवाल पाठवलेल्या मालमत्तेसाठी. कोणतं लागेल याची खात्री नसेल तर दोन्ही लिहा, सगळे तसंच करतात.

अर्ज कोणत्या कोर्टात? चालकाला रिमांडसाठी ज्या कोर्टापुढे नेलं, साधारणपणे तिथेच. खाण अधिनियमाचं कलम लावलेलं असेल तर प्रकरण सत्र न्यायालयाच्या पातळीवरच्या विशेष न्यायालयाकडे जाणार आहे का, हे आधी विचारून घ्या. चुकीच्या कोर्टात अर्ज देऊन दोन तारखा फुकट गेलेल्या मी पाहिल्या आहेत.

अर्ज करतो तो आरसीवरचा मालक. तोच आरोपी असला तरी अर्ज करू शकतो. मालकी एक आणि आरोप दुसरा. गाडी विकत घेतली पण आरसी नावावर झालेली नाही, हे कोकणात फार. अशा वेळी आरसीवरच्या माणसाचं प्रतिज्ञापत्र आणा, की गाडी याला देण्यास माझी हरकत नाही. तो माणूस मुंबईत किंवा आखातात असेल तर धावपळ आजच सुरू करा. हप्ते थकले असतील तर फायनान्स कंपनी स्वतःच कोर्टात उभी राहू शकते, म्हणून निदान दोन हप्ते भरून खातेपत्रक जोडलेलं बरं.

अर्जाचा सांगाडा साधा आहे:

"मे. प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी यांचे न्यायालयात, मु. …
फौजदारी किरकोळ अर्ज क्र. …
पोलीस ठाणे …, गु. र. नं. …
भा.ना.सु.सं. कलम ४९७, ५०३ प्रमाणे अर्ज.
अर्जदार विनंती करतो की, (१) वाहन क्र. …, इंजिन नं. …, चेसिस नं. …, मुद्देमाल नं. …, हे अर्जदाराच्या मालकीचे असून आरसीची प्रत सोबत जोडली आहे. (२) सदर वाहन दि. … रोजी जप्त करण्यात आले असून सध्या … येथे उघड्यावर उभे आहे. (३) वाहनाचा पंचनामा पूर्ण झाला असून तपासासाठी प्रत्यक्ष वाहनाची आवश्यकता राहिलेली नाही. (४) वाहन उघड्यावर पाऊस व खारी हवा यांमुळे खराब होत आहे. (५) वाहन कर्जावर असून दरमहा रु. … हप्ता आहे. (६) अर्जदार न्यायालय ठरवील तेवढ्या रकमेचे बंधपत्र व जामीनदार देण्यास तयार असून, बोलावल्यावर वाहन हजर करण्याची, ते न विकण्याची व त्याच्या स्वरूपात बदल न करण्याची हमी देतो. तरी खटल्याचा निकाल लागेपर्यंत वाहन सुपूर्दनाम्यावर अर्जदाराच्या ताब्यात देण्याचा हुकूम व्हावा."

एवढंच. इथे मी अशिलांना अडवतो. अर्जात मोठी कहाणी लिहू नका. 'चालकाने मला न सांगता वाळू भरली' हे खरं नसेल तर ते लिहिलेलं वाक्य खटल्यात गळ्याशी येतं, आणि चालकही दुखावतो. 'ही पहिलीच वेळ' असंही तपासल्याशिवाय लिहू नका, तपास अंमलदार जुना गुन्हा काढून कोर्टासमोर ठेवतो आणि मग तुमच्या उरलेल्या मुद्द्यांवरचाही विश्वास जातो.

अर्ज दाखल झाला की कोर्ट पोलीस आणि सरकारी अभियोक्त्यांचं म्हणणं मागवतं. ते म्हणणं आणण्यासाठी ठाण्यात स्वतः हेलपाटे घालावे लागतात, यात कमीपणा मानू नका. म्हणण्यात ठरलेल्या तीन हरकती असतात: तपास बाकी आहे, गाडी पुन्हा त्याच कामाला लागेल, गाडी सरकारजमा करायची आहे.

तिन्हींना उत्तर आहे. तपासासाठी गाडीचे फोटो आणि पंचनामा पुरतो. सर्वोच्च न्यायालयाने १ ऑक्टोबर २००२ रोजी सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या निकालात नेमकं हेच सांगितलं: जप्त वाहनं ठाण्याच्या आवारात सडत ठेवण्यात अर्थ नाही, योग्य बंधपत्र, हमी आणि जामीन घेऊन ती लवकर सोडावीत, मालमत्ता १५ दिवस ते महिन्याहून जास्त ठाण्यात राहू नये. नव्या सुरक्षा संहितेने तर त्याला मुदतच घातली आहे. कलम ४९७ प्रमाणे मालमत्ता कोर्टापुढे आल्यापासून १४ दिवसांत तिचं वर्णनपत्र तयार करायचं, फोटो, गरज पडल्यास चित्रीकरण करायचं, आणि त्यानंतर ३० दिवसांत तिच्या विल्हेवाटीचा किंवा ताब्याचा हुकूम करायचा. दुसऱ्या हरकतीला हमीपत्राने उत्तर द्या, त्यात जीपीएस सुरू ठेवण्याची तयारी लिहिली तर वजन येतं. तिसरीला उत्तर असं, की खाण अधिनियमाच्या कलम २१(४अ) खाली गाडी सरकारजमा करायची की नाही ते न्यायालय ठरवणार आहे, आणि तोवर गाडीच्या किमतीएवढं बंधपत्र कोर्टाकडे आहेच. गंजून निम्म्या किमतीची झालेली गाडी सरकारजमा करून सरकारच्याही हाती काय लागणार?

हुकूम झाला की बंधपत्र आणि जामीनदार. जामीनदाराचा सातबारा किंवा घरपट्टी, आधार आणि कोर्टाने मागितल्यास तहसीलचा ऐपतीचा दाखला. दाखल्याला वेळ लागतो, म्हणून अर्ज टाकतानाच जामीनदार ठरवून ठेवा. पेडणे, डिचोलीकडच्या गोव्याच्या मालकांना इथला जामीनदार मिळत नाही, त्यांनी रोख रक्कम भरण्याची मुभा अर्जातच मागावी.

चालक अजून कोठडीत असेल आणि त्याला वकील परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा, कोठडीतल्या माणसाला मोफत वकील मिळतो. मालकाने गाडीसाठी वकील केला आणि चालकाला वाऱ्यावर सोडलं, असं मी बघतो तेव्हा मला मनापासून राग येतो. शिवाय हिशेबानेही ते महाग पडतं, कारण उद्या साक्ष त्याच्या तोंडची असते.

दोन्ही कुलपं एकाच गाडीला

आता तो चिकट प्रकार. गाडी तहसीलमध्ये, गुन्हा ठाण्यात. मालक कोर्टाचा हुकूम घेऊन तहसीलला जातो, आणि तिथला अव्वल कारकून म्हणतो, "दंड भरल्याशिवाय गाडी हलणार नाही." मालक दंड भरून येतो, तर पोलीस म्हणतात, "आमचा मुद्देमाल आहे, कोर्टाची ऑर्डर आणा." यात दोघंही पूर्ण चुकीचे नाहीत.

म्हणून क्रम असा ठेवा. कोर्टातल्या अर्जात महसूलची कारवाई लपवू नका. उलट लिहा, की कलम ४८ खाली प्रकरण अमुक नंबरने चालू आहे, दंड भरला आहे किंवा अपील केलं आहे. कोर्टाने तहसीलदारांचंही म्हणणं मागवावं अशी विनंती करा, म्हणजे हुकूम झाल्यावर 'आम्हाला माहीतच नव्हतं' हे कारण उरत नाही. त्याच वेळी प्रांताधिकाऱ्यांपुढेही सोडण्याचा अर्ज ठेवा. दोन्ही रुळांवर एकाच वेळी चालायचं, एक संपल्यावर दुसरा सुरू केला तर पावसाळा गेलाच म्हणून समजा.

आणि दंड भरला म्हणून चोरीचा खटला संपत नाही, हे कागदावर लिहून भिंतीला लावा. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या निकालात सांगितलं, की तडजोड झाली तर खाण कायद्याखालचा गुन्हा मिटू शकतो, दंड संहितेखालचा नाही. दंड भरून निर्धास्त झालेल्या माणसाला दोन वर्षांनी समन्स येतं तेव्हा तो माझ्याकडे रागाने बघतो, जणू मीच काढलं!

जास्त वजनाचं आरटीओचं चलन पडलं असेल तर ते तिसरंच प्रकरण. मोटार वाहन कायद्याच्या कलम १९४ प्रमाणे २०,००० आणि जादा दर टनाला २,०००. गाडी रस्त्यावर आणण्यापूर्वी तेही पोर्टलवर बघून घ्या.

अर्ज फेटाळला तर

हुकुमाची प्रमाणित नकल त्याच दिवशी मागा. सत्र न्यायालयात सुरक्षा संहितेच्या कलम ४३८ खाली पुनरीक्षण अर्ज, मुदत ९० दिवस. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गवाल्यांना त्यापुढे उच्च न्यायालयासाठी आता मुंबईची गाडी पकडावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे, फोंडाघाट किंवा आंबा घाट चढला की पोचलात. रायगडवाल्यांना मात्र मुंबईच. महसूलच्या आदेशात अधिकाराचाच प्रश्न असेल तर रिट याचिकेचा विचार करावा लागतो, पण आधी अपिलाचा मार्ग का वापरला नाही, हे तिथे पहिल्यांदा विचारलं जातं.

गाडी आणायला जाताना

हुकुमाची नकल, प्रांतांचं सोडण्याचं पत्र, चलनाच्या पावत्या, दोन-दोन झेरॉक्स. सोबत मेकॅनिक, चार्ज केलेली बॅटरी, हवा भरायचा पंप. गाडी महिनाभर पावसात उभी असेल तर ब्रेक धरलेले असतात, हे कोकणात गाडी चालवणाऱ्याला सांगायची गरज नाही. विमा किंवा फिटनेस मधल्या काळात संपला असेल तर गाडी चालवत न आणता टो करून आणा. बाहेर पडल्या पडल्या दुसरं चलन नको.

हौद्यात वाळू अजून असेल तर ती मुद्देमाल आहे. ती कुठे उतरवायची आणि मजुरी कोण देणार, हे हुकुमात नसेल तर आधी विचारून लेखी घ्या. वाळूसकट गाडी बाहेर काढलीत तर पुढच्या नाक्यावर पुन्हा तीच कहाणी, तीही पासाशिवाय.

ताबा पावतीवर सही करण्यापूर्वी गाडीला फेरी मारा. चारही बाजूंचे फोटो, किलोमीटरचा आकडा, डिझेल, स्टेपनी, जॅक, बॅटरी. काही गायब असेल तर पावतीवरच तसं लिहा आणि मग सही करा. नंतर केलेली तक्रार कोणी ऐकत नाही.

घरी आणल्यावर हुकुमातल्या अटी चालकालाही वाचून दाखवा. खटला संपेपर्यंत गाडी विकायची नाही, रंग बदलायचा नाही, इंजिन बदललं तर कोर्टाची परवानगी. विकायची वेळ आलीच तर कोर्टात अर्ज करून परवानगी घेऊन विका, आरसी ट्रान्सफर करून मोकळे होऊ नका. कोर्टाने बोलावल्या तारखेला गाडी हजर ठेवा.

निकाल लागला की शेवटचा एक अर्ज राहतो आणि तो जवळपास सगळेच विसरतात. सुरक्षा संहितेच्या कलम ४९८ खाली गाडीबाबत अंतिम हुकूम घ्या, आणि बंधपत्र व जामीनदार मोकळे करून घ्या. मागे एका मालकाला जामीन राहिलेले त्याचे चुलतभाऊ असेच घर बांधायला कर्ज मागायला गेले. गाडी सुटून सहा वर्षं झाली होती, खटलाही संपला होता, आणि त्यांचा सातबारा अजून कोर्टाच्या फाईलमध्ये जामीन म्हणून पडलेला होता.